लिंबाखालची जागा

"हलवा म्हंतो ना गाय! आत्ताच्या आत्ता हलवा हितनं!"

रामहरी अंगणाबाहेर उभा राहून ओरडत होता. आत पाऊल टाकायची त्याची तयारी नव्हती. तोंडाला त्याने उपरणं गुंडाळलं होतं, गाय अंगावर शिंकेल की काय अशा थाटात. मागे वाडीतले पाचसहा जण उभे होते. त्यांतलं कुणी बोलत नव्हतं, पण रामहरीच्या प्रत्येक वाक्याला माना मात्र सगळ्यांच्या हलत होत्या.

अंगणातल्या लिंबाखाली मिरजी उभी होती. काळ्यापांढऱ्या ठिपक्यांची, पहिलारू, सातव्या महिन्याची गाभण. प्रज्ञानं लग्नानंतर मिरजगावच्या माहेरून टेम्पोत घालून आणली तेव्हा ती एवढीशी वासरी होती. विमलबाईनं, म्हणजे प्रज्ञाच्या सासूनं, तिला पाहताच चेष्टा केली होती, "एक मिरजी आली ती पुरं न्हवती, आता दुसरी आली व्हय!" सुनेनं ते मनाला लावून न घेता नाव गायीला देऊन टाकलं.

आता मिरजीचं लक्षण काही ठीक नव्हतं. कान सुजून जड झाले होते, डोळे गळत होते, नाकाडाची कातडी लाल होऊन उलायला लागली होती. चाऱ्याला तर तिनं कधीचं तोंड लावलं नव्हतं.

"गाठी कुठं हायेत त्या दाखवा आधी," प्रज्ञा म्हणाली. "लंपीला अंगभर गाठी येत्यात."

"गाठी मागनं येत्यात! आधी असंच हुतं. डोळं गळत्यात, खानं बंद हुतं. माझ्या दोन गायी गेल्यात लंपीत, मला नको शिकवू."

हे मात्र खोटं नव्हतं. लंपीच्या साथीत रामहरीच्या दोन दुभत्या गायी गेल्या, तेव्हा हा आडदांड माणूस जेसीबीनं खणलेल्या खड्ड्याच्या काठावर बसून ढसाढसा रडला होता. साऱ्या वाडीनं ते पाहिलं होतं. आज तो ओरडत होता तो मस्तीनं नाही, भीतीनं. आणि भ्यालेल्या माणसाशी वाद तरी काय घालायचा?

"वढ्याच्या पल्याड माळावं न्हेऊन बांदा. तुमच्या दारातल्या हौदावं आता कुनाचं जनावर पान्याला येनार न्हाई. आन विमलबाई, तुमी का गप? बोला की काय तरी!"

एरवी तो तिला मावशी म्हणायचा.

विमलबाई बोलली नाही. वाडीला त्याचंच नवल वाटलं. ग्रामसभेत सरपंचाला खाली बसवणारी बाई ही, हिच्या तोंडाला लागायला लोक दहादा विचार करत. आज ती दाव्याचं टोक बोटाभोवती गुंडाळत खाली बघत होती.

शेवटी प्रज्ञाच म्हणाली, "खरंच लंपी असंल तर आपल्यापायी दुसऱ्याचं जनावर नको मराया." आणि तिनं दावं सोडलं.

विमलबाई गप्प होती त्याला कारण होतं.

पावसानं पोळ्याच्या आधीच दडी मारली होती. तिसगावच्या अंगाला दोन सरी तरी पडल्या, पण डोंगराच्या कुशीतल्या ह्या वाडीवर ढग नुसते येऊन बघून जात. बांधावरचं गवत पिवळं पडलं, मका गुडघ्याएवढी असतानाच करपली. अशात प्रज्ञाच्या आईच्या डोळ्याचं ऑपरेशन निघालं. माहेरी जाताना तिनं सासूला बजावलं, "आत्या, कडब्याची कुट्टी करून ठिवलीय. मिरजीला भाईर नका न्हेऊ. तिला रानाची सवं न्हाई." मुलगा, म्हणजे प्रज्ञाचा नवरा सम्राट, पुण्याकडे टेम्पोवर. घरात उरली ती विमलबाई, दोन शेळ्या आणि मिरजी.

ते 'नका न्हेऊ' विमलबाईला झोंबलं. साठी उलटलेली बाई. बालपण सगळं ह्याच डोंगरात शेळ्यांमागे गेलेलं. तिला काल आलेली पोरगी जनावर चारायला शिकवणार! शिवाय पोटात वासरू घेऊन ती कोरडी कुट्टी रवंथ करणारी गाय बघून तिला कीवही येत होती. डोंगर माहीत नाही ती कसली गाय? सून गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी तिनं मिरजीला सोडलं आणि शेळ्यांबरोबर डोंगराला लावलं.

डोंगर घाणेरीनं भरला होता. बाकी झाडझुडूप वाळून गेलं तरी घाणेरी हिरवीगार असते. वर रंगीबेरंगी फुलांचे झुबके, खाली मिरीएवढ्या फळांचे घोस. ती फळं पिकली की काळीभोर होतात आणि गोड लागतात. विमलबाई आणि तिचा भाऊ बन्सी ह्यांच्या लहानपणीच्या कित्येक दुपारी ह्या फळांवर निघाल्या होत्या. एकदा बन्सीनं हिरवीच फळं मूठभर खाल्ली आणि ओकून ओकून अर्धा झाला. तेव्हा आईनं दोघांना दम भरला होता, "काळी खायाची. हिरवीला हात लावाल तर बघा." घाणेरीबद्दल विमलबाईला जे ठाऊक होतं ते एवढंच. पाल्याबद्दल आई काही बोलली नव्हती. बोलेल कशाला? पाला कुठे माणसं खातात?

शेळ्यांनी घाणेरी हुंगली आणि तोंड फिरवून पुढे गेल्या. मिरजीला मात्र हिरवं दिसलं आणि ती तुटून पडली. दावणीला वाढलेली गाय, तिला काय कळणार! विमलबाई एका दगडावर बसून काळी फळं तोंडात टाकत होती. जीभ जांभळी झाली होती, वारा सुटला होता आणि किती तरी वर्षांनी तिला हलकं वाटत होतं. उठून तिनं उंचावरच्या कोवळ्या फांद्या मोडल्या आणि मिरजीपुढे धरल्या.

"खा माय, खा. तुझ्या मालकिनीला काय कळतंय? दोन जिवांची हायेस, पोटभर खा."

दुसऱ्या दिवशीही नेली. त्यानंतर मिरजी दावणीवरून हलेना, कुट्टी खाईना, शेण टाकेना. प्रज्ञा माहेराहून आली ती थेट गोठ्यात शिरली.

"काय खाल्लं हिनं, आत्या?"

"काय खानार? तूच कुट्टी ठिवली हुती की."

एवढंच बोलणं झालं. खरं तर तेव्हा विमलबाईला घाणेरीचा संशयसुद्धा नव्हता. तिनंही ओंजळभर खाल्ली होती, तिला कुठे काय झालं? सुनेचं न ऐकता गाय बाहेर नेली, एवढंच तिला झाकायचं होतं. पण खोटं एकदा तोंडून गेलं की ते माघारी घेणं दर दिवशी जास्त अवघड होत जातं, तसं तिचं झालं होतं.

ओढ्यापलीकडचा माळ म्हणजे मुरूम आणि कुसळं. सावलीला एक काडी नाही. वर भादव्याचं ऊन, चामडी सोलून काढणारं. तिथे खुंट ठोकून मिरजीला बांधली. प्रज्ञा पाण्याच्या बादल्या वाहत होती, डॉक्टरांना फोन लावत होती, आणि बघता बघता मिरजीच्या पाठीवरची पांढरी कातडी तडकून तिचे पोपडे सुटायला लागले. माश्या हाकलायला शेपटी हलवायचंही तिच्यात त्राण उरलं नाही.

जनावरांचे डॉक्टर सुहास जोशी आले तेव्हा दोघी सासवासुना माळावरच होत्या. डॉक्टर तरुण होते, पण घाई नव्हती त्यांना. मिरजीभोवती ते सावकाश फिरले. पापणी उलटून पाहिली, आत पिवळं धमक होतं. मग त्यांनी पाठीवर हात ठेवला. काळ्या ठिपक्यावरून पांढऱ्यावर, पांढऱ्यावरून पुन्हा काळ्यावर.

"ताई, हे बघितलं का? काळं कातडं जसंच्या तसं आहे. पांढरं तेवढं भाजल्यासारखं झालंय. लंपी असं निवडून करत नाही." ते वळले. "ही डोंगराला गेली होती का कधी? घाणेरीचा पाला खाण्यात आला?"

घाणेरीचं नाव ऐकलं आणि विमलबाईला आपण मोडलेल्या कोवळ्या फांद्या आठवल्या.

"न्हाई हो," प्रज्ञा म्हणाली. "ही जन्मात कधी भाईर गेली न्हाई. मी नव्हते चार दिस, पन तवा बी घरीच हुती. व्हय ना, आत्या?"

सून तिच्याकडे बघत होती. त्या नजरेत संशय असता तर विमलबाई कदाचित भांडणाच्या भरात खरं बोलून गेली असती. पण तिथे नुसता विश्वास होता. दिवसभर बादल्या वाहून पोरीच्या हाताला फोड आले होते.

"व्हय," विमलबाई म्हणाली. "घरीच हुती."

"मग मलाही नक्की सांगता येत नाही," डॉक्टर म्हणाले. "रक्त तपासायला नेतो. निकाल येईतो लंपीच धरून चाला. बाकीच्या जनावरांपासून लांबच ठेवा." त्यांनी इंजेक्शन दिलं आणि गेले.

प्रज्ञा त्यांच्यामागे औषध आणायला गेली. माळावर विमलबाई आणि मिरजी दोघीच राहिल्या. ऊन कलायला लागलं होतं तरी चटका तोच. विमलबाईला गायीच्या तोंडाकडे बघवेना, म्हणून ती पाठ करून उभी राहिली. मागे दावं ताणल्याचा आवाज आला. मिरजी होत्या नव्हत्या ताकदीनं पुढे सरकली होती आणि विमलबाईची सावली मुरमावर पडली होती तिथे तिनं मान खाली घातली होती. सुजलेलं नाकाड, तडकलेले कान, सगळं त्या एवढ्याशा सावलीत.

विमलबाई दोन पावलं बाजूला सरकली. गायही सरकली. पुन्हा सरकली. गाय पुन्हा तिथे.

"अगं माय माझे," ती म्हणाली आणि तिला रडू फुटलं. "उनानं मराया लागलीस तू. आन ह्या उनात मी बांदली तुला. मीच."

तिनं पदर सोडून मिरजीच्या पाठीवर टाकला. पदर पुरेना. वर बघितलं तर ओढ्याच्या वाडीकडल्या अंगाच्या वाटेनं गावची जनावरं डोंगराकडे चढत होती. तिच्या दारातला हौद सगळ्यांनी टाकला होता, त्यामुळे पाण्याला वरच्या पाझर तलावावर जायचं ठरलं होतं. तलावाची वाट सगळी घाणेरीतून जाते. सर्वांत पुढे रामहरीच्या गायी होत्या. त्या तर मिरजीसारख्याच, डोंगर कधी न चढलेल्या, गोठ्यातच वाढलेल्या आणि भुकेल्या.

विमलबाईचे गुडघे किती दुखायचे ते तिचं तिला ठाऊक. त्या गुडघ्यांनी ती ओढा उतरली, चढली आणि वाटेच्या मधोमध हात पसरून उभी राहिली.

"रामहरी, थांब! माघारी फिरव जनावरं!"

"का? तुमच्या लंपीचं उष्टं पानी पाजू व्हय त्यास्नी?"

"लंपी न्हाई ती. घाणेरी बादलीय तिला. मी चारली. ह्या हातानं फांद्या मोडून चारली, प्रज्ञा नव्हती तवा. डॉक्टरनं इचारलं तर मी खोटं बोलले त्याच्याशी."

मग मागून गोरक्षनाथ हसला. तीन गायींचा धनी, रामहरीच्या मागे मान हलवणाऱ्यांतला तो एक.

"घाणेरी? ल्हानपनी आमी पायलीनं खाल्लीय घाणेरी. आमी मेलो का, मावशे?"

"मी बी हेच म्हनले हुते, बाबा. फळं खाल्ली आपन. पाला न्हाई खाल्ला."

"कळला डाव," रामहरी म्हणाला. "लंपी निघाली म्हंजी बदनामी. म्हून घाणेरी काढली मधीच. परवा अंगनात का न्हाई बोलल्या? तोंड शिवलं हुतं?"

विमलबाईनं पसरलेले हात खाली घेतले नाहीत.

"सरा बाजूला."

जनावरं तिच्या दोन्ही अंगांनी पुढे गेली. जाता जाता रामहरीच्या एका गायीनं वाटेकडेच्या घाणेरीची फांदी ओढली आणि चघळत चढाला लागली. विमलबाई तिच्या तोंडातून ती काढायला धावली, पण गाय पुढे निघून गेली होती.

ती वळली तर मागे प्रज्ञा उभी होती. औषधाची पिशवी हातात. सगळं ऐकलं होतं तिनं.

ती तडक माळावर गेली, मिरजीचा खुंट उपटला आणि गायीला एकेक पाऊल करत, सगळी वाडी बघत असताना, लिंबाखाली आणून बांधली. डॉक्टरांना फोन करून खरं काय ते सांगितलं. ते तसेच उलट पावली आले. सलाईन लावलं, कोळशाची पूड पाण्यातून पाजली.

"आता हिच्या अंगाला ऊन लागता कामा नये. कवडशासुद्धा नको. गाय वाचेल असं वाटतंय. वासराचं मात्र काही सांगवत नाही."

वासराचं दुसऱ्याच दिवशी कळलं. उजाडता उजाडता मिरजी गाभडली. कालवड होती, आईसारखीच काळीपांढरी. प्रज्ञानं तिला स्वतःच्या जुन्या साडीत गुंडाळलं आणि बांधाच्या कडेला खड्डा खणायला घेतला. विमलबाई कुदळ धरायला गेली, तर सुनेनं तिच्या हातातून ती काढून घेतली. शिव्या दिल्या असत्या, सम्राटला फोन करून रडली असती, तर विमलबाईला सोसलं असतं. पोरगी काही बोललीच नाही. त्या दिवसापासून ती सासूपुढे ताट ठेवायची, पाणी ठेवायची, आणि निघून जायची.

विमलबाईनं मग आपलं काम ठरवून घेतलं. सकाळी डोंगराच्या वाटेवर काठी घेऊन उभं राहायचं आणि येणाऱ्या प्रत्येकाला तेच सांगायचं. दोघातिघांनी ऐकलं. बाकीचे हसून पुढे गेले. म्हातारीच्या डोक्यावर परिणाम झालाय, असं रामहरी डेअरीवर सांगत होता. उन्हं चढली की ती घरी यायची आणि लिंबाची सावली सरकेल तसा मिरजीचा खुंट सरकवत बसायची. मिरजीच्या पाठीवर आता कोवळी गुलाबी कातडी धरत होती. ती कुट्टी थोडी थोडी खायला लागली होती. प्रज्ञा दिसली की हंबरायची. विमलबाई दिसली तरी हंबरायची, आणि तेच विमलबाईला जास्त लागायचं.

असं चाललेलं असताना एका दुपारी रामहरी आला. पहिल्यासारखाच अंगणाबाहेर उभा राहिला. ह्या खेपेला उपरणं तोंडाला नव्हतं, ते त्यानं गायीच्या पाठीवर टाकलं होतं. गायीचे कान सुजले होते. नाकाड लालभडक होऊन उललं होतं.

"मावशी," तो म्हणाला.

विमलबाई उठली नाही.

"डॉक्टर येऊन गेला. घाणेरीच म्हंतो. सावली पायजे म्हंतो, दाट." रामहरीनं गायीच्या पाठीवरचं उपरणं सारखं केलं. "गायी मोकळ्या ठिवायला मुक्त गोठा केला तवा दारातली दोनी झाडं तोडली मी. वरची सावलीची जाळी वावटळीत फाटून गेली, ती परत लावलीच न्हाई. घरात घ्यावी तर पत्रा असा तापतोय... हिला जरा तुमच्या लिंबाखाली..."



विमलबाईच्या जिभेवर बरंच काही आलं. वाटेतलं ते 'सरा बाजूला' आलं. माळ आला, लंपी आली. विटाळ होईल म्हणून ह्या लिंबाखाली रामहरीचा आजा कधी टेकला नव्हता, उन्हानं भोवळ आली असती तरी टेकला नसता, हे तिच्या सासूनं तिला सांगितलेलं होतं, तेही आठवलं. आज चांगलं सुनावता आलं असतं. पण बोलायचं तोंड आपण ठेवलंय कुठे, असं वाटून ती गप्प राहिली. मिरजी सुनेची होती. वासरू सुनेचं गेलं होतं. लिंबाखाली कुणाला घ्यायचं ते सुनेनं ठरवायचं. तिनं दाराकडे बघितलं.

प्रज्ञा बाहेर आली. रामहरीकडे न बघता ती गायीजवळ गेली, तिच्या पोटाखाली हात घालून थोडा वेळ तशीच उभी राहिली.

"कितवा?" तिनं विचारलं.

"आठवा लागलाय," रामहरी म्हणाला. "वाचंल का गं पोरी?"

"माझं न्हाई वाचलं," प्रज्ञा म्हणाली.

रामहरीनं मान खाली घातली. त्याला वाटलं, आता माघारी जायचं. त्यानं दावं आवळलं. प्रज्ञा गायीच्या उललेल्या नाकाडाकडे बघत होती. तिचा हात अजून तिच्या पोटावरच होता.

"आत्या," ती म्हणाली. वासरू पुरल्यापासूनचा हा पहिला शब्द. "मिरजीला जरा अलीकडं घ्या."

विमलबाई गुडघ्यांवर हात देऊन उठली. खुंट उपटायला तिला दोनदा जोर लावावा लागला. मिरजीला तिनं बुंध्याला चिकटून उभी केली. रामहरीची गाय आत आली आणि सावलीत शिरताच तिनं डोळे मिटले.

ऊन डोक्यावर होतं. सावली लिंबाच्या पायाशी आखडून दोन गायींपुरती उरली होती. विमलबाईनं खुंट ठोकायला दगड उचलला आणि वाटेकडे बघितलं. ओढ्याच्या अंगानं गोरक्षनाथ येत होता. त्याच्या मागे त्याच्या तिन्ही गायी होत्या, माना खाली घातलेल्या.